पागोळ्यांचे पाणी आणि चिलखती मासा

कवठे महांकाळ हा सांगली जिल्ह्याच्या पूर्व भागातील अवर्षणप्रवण तालुका. जिल्ह्याच्या पश्चिम टोकाला, शिराळ्याच्या डोंगरांत, पावसाची झड दिवसेंदिवस उघडत नाही. त्याच वेळी या भागात आभाळ भरून येते आणि तसेच पुढे निघून जाते. वर्षाकाठी ५०० मिलिमीटरच्या आगेमागे पाऊस, त्यातलाही मोठा हिस्सा परतीच्या मोसमी वाऱ्यांच्या भरवशावर. म्हैसाळ येथून कृष्णेचे पाणी टप्प्याटप्प्याने उचलून पूर्वेकडे आणणाऱ्या उपसा सिंचन योजनेने द्राक्षबागांना आधार दिला खरा. पण पाण्याची काटकसर येथील माणसाच्या अंगवळणीच पडलेली आहे. एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून तहानलेल्या लातूरकडे पाण्याची रेल्वेगाडी निघाली, तीही याच तालुक्यातून जाणाऱ्या मिरज-कुर्डुवाडी लोहमार्गाने पुढे गेली.

अशा मुलखात घरात काचपेटी मांडून शोभेचे मासे पाळण्याची गोष्ट काढणे कित्येकांना चैनीचे वाटेल. म्हणून प्रथम हिशेब पाहणे बरे. ६० सेंटिमीटर लांब, ३० सेंटिमीटर रुंद आणि तितक्याच उंचीच्या पेटीत वाळू घालून थोडी रिकामी जागा ठेवली, तर सुमारे ४५ लिटर पाणी मावते. त्यातील चौथा हिस्सा दर आठवड्यास बदलावा लागतो, म्हणजे जेमतेम एक बादली. दुभती म्हैस एका दिवसात ५० लिटरांवर पाणी पिते. शिवाय काचपेटीतून काढलेले पाणी वाया जात नाही. माशांच्या विष्ठेतून त्यात नत्र उतरलेले असते आणि परसातील वांगी-मिरची किंवा दारचा पेरू ते आवडीने घेतो. तेव्हा या छंदात खरा प्रश्न पाणी किती लागते हा नसून पाणी कोणते लागते हा आहे. येथे ज्या माशाची माहिती द्यावयाची आहे, त्याच्या बाबतीत तर सारे यश-अपयश या एका प्रश्नावर अवलंबून असते.

चिलखत आणि मिशा

शोभिवंत माशांच्या दुकानात ‘कोरी’ या सुटसुटीत नावाने विकला जाणारा हा मासा मूळचा दक्षिण अमेरिकेतील. आपल्याकडील मागूर, शिंगाळा यांच्याप्रमाणे तोही मिशाळ माशांच्या मोठ्या परिवारातला. परंतु अंगावर खवल्यांऐवजी हाडांच्या पट्ट्यांच्या दोन ओळी दोन्ही कुशींवर कौलांसारख्या एकमेकींवर बसवलेल्या असतात. त्याच्या कोरिडोरस या शास्त्रीय नावातही शिरस्त्राण आणि कातडे या अर्थाचे दोन ग्रीक शब्द आहेत. या नावाखाली पूर्वी शंभरावर जाती मोडत असत. २०२४ मध्ये शास्त्रज्ञांनी या एका वंशाचे अनेक वंशांत विभाजन केले, त्यामुळे ग्रंथांतील नावे बदलली; दुकानातील नाव मात्र कोरीच राहिले आहे.

नवशिक्याने दोनच जाती विचारात घ्याव्यात. पहिली कांस्यवर्णी कोरी. हिचे अंग तांब्या-पितळेच्या भांड्यासारखे झळकते. लांबी सहा-सात सेंटिमीटर. दुसरी ठिपक्यांची कोरी. चार्ल्स डार्विन ‘बीगल’ जहाजातून दक्षिण अमेरिकेच्या सफरीवर गेला असता त्याने जमविलेल्या माशांत हिचा नमुना होता आणि त्यावरून १८४२ मध्ये या जातीचे शास्त्रीय वर्णन झाले. ठिपक्यांच्या कोरीला गार पाणी मानवते. कवठे महांकाळचा उन्हाळा पाहता येथे कांस्यवर्णी कोरीपासून प्रारंभ करणे शहाणपणाचे.

या माशाची एक लकब पाहून नवखा माणूस घाबरतो. तळाशी शांतपणे वाळू चिवडणारा मासा एकाएकी बाणासारखा वर येतो, पाण्याच्या पृष्ठभागावर एक घोट हवा घेतो आणि पुन्हा तळ गाठतो. हा आजार नव्हे. कल्ल्यांप्रमाणेच आतड्याच्या मागील, पातळ भित्तीच्या भागातून प्राणवायू शोषून घेण्याची सोय निसर्गाने त्याला दिली आहे. मूळ देशी कोरड्या ऋतूत आटत जाणाऱ्या, कोंदट डबक्यांत तो त्यामुळेच तग धरतो. वीज गेली, हवेचा पंप बंद पडला, तरी इतर मासे तडफडू लागतात तेव्हा कोरी काही वेळ निभावून नेते. यासाठी पेटीचे झाकण आणि पाणी यांमध्ये चार बोटे जागा अवश्य ठेवावी. मात्र सर्वच मासे घडोघडी वर येऊ लागले, तर पाणी बिघडले आहे असे समजून ते तत्काळ बदलावे.

पाणी मुरविणे

दुकानातून पेटी आणली, नळाखाली भरली आणि त्याच संध्याकाळी मासे सोडले, तर बहुधा आठवड्याच्या आत ते दगावतात. विक्रेत्याने आजारी मासे दिले असा आरोप मग होतो. वस्तुतः माशांच्या विष्ठेतून व उरलेल्या अन्नातून अमोनिया तयार होतो आणि तो विषारी असतो. त्याचे आधी नायट्राइटमध्ये आणि नंतर बऱ्याच अंशी निरुपद्रवी अशा नायट्रेटमध्ये रूपांतर करणारे जीवाणू नव्या पेटीत नसतात. ते गाळणीच्या स्पंजवर आणि वाळूवर जम धरावयास चार ते सहा आठवडे घेतात. दुधाला विरजण लावावे तसा जुन्या, निरोगी पेटीतील स्पंजचा तुकडा नव्या पेटीत घातला, तर हा काळ पुष्कळ कमी होतो. स्पंज धुवावयाचा तो पेटीतून काढलेल्या पाण्यातच; नळाखाली धुतल्यास विरजणच मरते.

गावच्या पाणीपुरवठ्यात टीसीएल पावडर टाकलेली असते. तिच्यातील क्लोरीन माशांना आणि या जीवाणूंनाही घातक. उघड्या बादलीत एक-दोन दिवस ठेवलेले पाणी वापरले की ही अडचण दूर होते.

याउलट बोअरचे पाणी ठेवून सुधारत नाही. काळ्या पाषाणाच्या भेगांतून खोलवर मुरलेले हे पाणी बहुधा क्षारयुक्त आणि जड असते. भांड्यावर पांढरा थर धरणारे पाणी ते हेच. दुकानातील प्रौढ कांस्यवर्णी कोरी अशा पाण्याशी हळूहळू जुळवून घेते, खाते-पिते आणि वर्षानुवर्षे जगते. पण ती अंडी घालत नाही, किंवा घातलीच तर त्यांतील पुष्कळशी फळत नाहीत. तालुक्यातील हौशी मंडळींना हा मासा टिकतो, पण वीत नाही असा अनुभव आला, तर कारण पहिल्याने येथे शोधावे.

मांडणी आणि आहार

तळाशी बारीक, गुळगुळीत वाळूचा दोन-तीन सेंटिमीटरांचा थर पुरे. कोरी तोंड वाळूत खुपसून अन्न शोधते आणि वाळू कल्ल्यांवाटे बाहेर टाकते. तिच्या मिशा हेच तिचे हात आणि नाक. बांधकामासाठी खडी भरडून केलेली वाळू धारदार असते, तिने मिशा झिजून गळतात. वाळू किंवा खडे आणल्यावर त्यांवर लिंबाचा रस पिळून पाहावा. फेस आला तर त्यांत चुना आहे. असे खडे आधीच जड असलेले पाणी आणखी जड करतात.

कोरी कळपाने राहणारी आहे. एकच जोडी आणण्याचा मोह टाळून एकाच जातीच्या किमान सहा आणाव्यात. एकटी कोरी कोपऱ्यात दबून बसते. सहा मिळून मात्र दिवसभर तळ पिंजून काढतात.

‘ही पेटीतील घाण खाते’ असे सांगून ती विकण्याची पद्धत आहे. हा समज चुकीचा असून त्यामुळे फार मासे उपाशी मरतात. वरच्या माशांनी खाऊन उरलेल्या चुऱ्यावर तिचे पोट भरत नाही. तिला तळाशी बुडणारे दाणे, संध्याकाळी दिवे मालवताना, स्वतंत्रपणे द्यावेत. आठवड्यातून दोन-तीनदा जिवंत खाद्य मिळाले तर उत्तम. गटारातून काढलेल्या अळ्या-किड्यांबरोबर रोग येतात. त्यापेक्षा उन्हात ठेवलेल्या बादलीतील हिरवट पाण्यात डाफ्निया ही पाणपिसू वाढविणे सुरक्षित. आजारी पेटीत मूठभर जाडे मीठ टाकण्याचा घरगुती उपाय इतर काही माशांना चालत असेल; कोरीवर तो करू नये, तिला मीठ सोसत नाही.

उन्हाळा हा दुसरा बिकट काळ. या माशाला २२ ते २७ अंश सेल्सिअस तापमान मानवते आणि एप्रिल-मेमध्ये पत्र्याच्या घरात पेटीतील पाणी सहज ३२ अंशांपलीकडे जाते. तापलेल्या पाण्यात प्राणवायू कमी विरघळतो, हा त्यातील खरा धोका. पेटी उत्तरेकडील खोलीत, जमिनीलगतच्या भक्कम बैठकीवर ठेवावी. काचेचे झाकण काढून त्या जागी जाळीचे कापड ताणावे आणि मागील बाजूस ओले पोते टांगावे. माठाला गारवा ज्या तत्त्वाने येतो, त्याच तत्त्वाने हा उपाय चालतो. बाष्पीभवनाने घटलेली पातळी बोअरच्या पाण्याने भरत राहिल्यास मात्र क्षार साठत जातात.

पाऊस आला अशी समजूत

कोरीची वीण समजून घ्यावयाची तर तिच्या मूळ देशातील ऋतुचक्र डोळ्यांपुढे आणावे लागते. कोरड्या दिवसांत पाणी आटते, तापते, जड होते. मग पाऊस कोसळतो. ओढ्यांना गार, मऊ, ताजे पाणी येते, अन्नाची रेलचेल होते आणि या माशांना अंडी घालण्याची प्रेरणा होते. पाळणाऱ्याने पेटीत हाच बदल घडवून आणावयाचा असतो. युरोपात ही गोष्ट फार पूर्वी साधली; पॅरिसमध्ये ठिपक्यांच्या कोरीची वीण १८७८ मध्येच झाली होती.

यासाठी लागणारे मऊ पाणी यंत्राने गाळून घेता येते. पण त्या यंत्रांतून गाळलेल्या पाण्याहून अधिक पाणी बहुधा वाया जाते, आणि या तालुक्यात ते परवडणारे नाही. आकाशातून पडणारे पाणी मात्र मऊच असते. एक चौरस मीटर जागेवर एक मिलिमीटर पाऊस पडला की एक लिटर पाणी मिळते. अंगणात चार खुंट्यांना दोन मीटर लांब-रुंद स्वच्छ प्लास्टिकचे कापड झोळीसारखे ताणले, तर २५ मिलिमीटरच्या एका सरीत १०० लिटर पाणी जमते. अशा दोन सरींत २०० लिटरांचे पिंप भरते आणि एका हंगामाच्या विणीस व पिलांस ते पुरते. मंगलोरी कौलांच्या पागोळ्या किंवा स्लॅबचे पाणीही चालेल, पण पहिली सर धूळ आणि पाखरांची विष्ठा वाहून जाण्यासाठी सोडून द्यावी. पिंप सावलीत ठेवून दाट कापडाने घट्ट बांधावे. उघडे राहिल्यास डेंग्यूच्या डासांची तेथेच पैदास होईल.

द्राक्षांच्या या मुलखात एक खबरदारी विशेष अगत्याची आहे. सप्टेंबर-ऑक्टोबरात फळछाटणी झाली की बागांवर औषधांच्या फवारण्या सुरू होतात. बोर्डो मिश्रणात मोरचूद, म्हणजे तांबे असते आणि माशांना ते अत्यल्प प्रमाणातही बाधते. बागेलगतच्या छपरावर फवाऱ्याचे तुषार येऊन बसतात. तेव्हा माशांसाठी धरावयाचे पाणी जून ते ऑगस्टमधील सरींचे असावे. परतीचा पाऊस कितीही मुबलक झाला, तरी बागेशेजारी तो धरू नये. शेततळ्यातील पाण्यातही खते व औषधे उतरलेली असू शकतात.

निव्वळ पावसाच्या पाण्यात मासे ठेवणेही इष्ट नाही. त्यात क्षार जवळपास नसल्यामुळे त्याची आम्लता एकाएकी बदलते. बोअरचे पाणी एक भाग आणि पावसाचे दोन भाग असे मिश्रण सर्वसाधारणपणे योग्य ठरते.

वीण

सुमारे वर्षाच्या वयाचे मासे निवडावेत. वरून पाहिले असता मादी रुंद आणि भरदार दिसते, नर सडपातळ असतो. एका मादीमागे दोन नर ठेवावेत. दोन आठवडे भरपूर जिवंत खाद्य दिल्यावर मादीचे पोट गोल दिसू लागते. मग पेटीतील निम्मे पाणी काढून त्या जागी तीन-चार अंशांनी गार असे मऊ पाणी हळूहळू, शक्य तर झारीने, सोडावे. पाणी गार करण्यास रात्रभर माठात ठेवणे पुरेसे होते. बाहेर आभाळ भरून आले असेल तर आणखी चांगले. हवेचा दाब उतरला की कोरी अंडी घालते असा अनेक पाळणाऱ्यांचा अनुभव आहे. पहिल्या खेपेस काही झाले नाही, तर दोन-तीन दिवसांनी हाच प्रयोग पुन्हा करावा.

त्यानंतर जे घडते ते पाहण्यासारखे असते. नर मादीच्या मागे लागतात. एक नर आडवा होतो आणि मादी त्याच्या कुशीला तोंड लावून स्तब्ध राहते. दोघांची मिळून इंग्रजी ‘टी’ अक्षरासारखी आकृती दिसते. या स्थितीत मादी नराचा शुक्ररस तोंडावाटे घेते. जपानी संशोधकांनी १९९५ मध्ये कांस्यवर्णी कोरीवर केलेल्या प्रयोगांतून असे दाखवून दिले की, हे शुक्रजंतू मादीच्या आतड्यातून अल्पावधीत जिवंत बाहेर येतात आणि अंड्यांपर्यंत पोहोचतात. तोवर मादीने पोटाखालच्या परांची ओंजळ करून तिच्यात काही अंडी घेतलेली असतात. ती अंडी घेऊन ती काच चाचपीत हिंडते आणि मनाजोगती जागा सापडली की तेथे चिकटवते. मग पुन्हा नराकडे. असे काही तास चालते आणि शंभरावर अंडी काचेवर दिसू लागतात.

आई-बापांना अंड्यांचे प्रेम नसते. संधी मिळताच ते ती खातात. म्हणून वीण थांबताच अंडी बोटाने हलकेच घरंगळवून वेगळ्या भांड्यात घ्यावीत. ती स्पर्शाला घट्ट असतात, फुटत नाहीत. भांड्यात त्याच पेटीतील पाणी, हवेचे मंद बुडबुडे आणि बुरशी टाळण्यासाठी मिथिलिन ब्लूचे थेंब, पाण्याला फिकट निळी छटा येईल इतकेच. देशी बदामाचे वाळलेले पानही काही जण घालतात. पांढरी पडलेली अंडी मेलेली असतात; ती रोज ड्रॉपरने उचलावीत, नाहीतर बुरशी शेजारच्या अंड्यांवर चढते. तीन ते पाच दिवसांत पिले बाहेर पडतात.

पहिले दोन दिवस पिले पोटाशी असलेल्या बलकावर जगतात. पुढे त्यांना नुकताच उबविलेला आर्टेमिया द्यावा, थोडा थोडा आणि दिवसातून दोन-तीनदा. येथेच सर्वाधिक नुकसान होते. उरलेले अन्न तळाशी कुजते आणि तळाशीच राहणारी पिले त्यात गुदमरतात. दररोज बारीक नळीने तळ साफ करून तितकेच मुरलेले मऊ पाणी घालण्याचा कंटाळा ज्यास नसेल, त्याचीच पिले वाढतात. पिंपातील साठा खरा खर्च होतो तो याच दिवसांत.

ओढ्यात सोडू नये

कोरीच्याच शेजारी दुकानात ‘सकर’ नावाचा काळपट, काचेला तोंड चिकटवून राहणारा मासा ठेवलेला असतो. तोही दक्षिण अमेरिकेतला आणि चिलखतीच. पण कुळ निराळे. विकताना बोटभर असलेला हा मासा पुढे हातभर होतो, पेटीत मावेनासा होतो आणि मग कोणीतरी भूतदयेने तो नदीत सोडतो. बंगाल, केरळ, आंध्र प्रदेश आदी राज्यांतील जलाशयांत तो असाच शिरला. तेथे तो काठांत बिळे करतो, कोळ्यांची जाळी फाडतो आणि त्याला बाजारभाव नाही. आफ्रिकी मागूर या परदेशी माशाच्या संवर्धनावर तर २००० साली देशात बंदी घालण्यात आली.

कोरी लहान आणि निरुपद्रवी असली तरी हा नियम तिलाही लागू आहे. शेततळे भरून वाहिले की पाणी ओढ्याला आणि ओढ्याचे अग्रणीला मिळते. अग्रणी पुढे कर्नाटकात कृष्णेस मिळते. २०१० नंतरच्या दशकात लोकसहभागातून अग्रणीच्या पुनरुज्जीवनाचे काम झाले. त्या पात्रात परदेशी मासा वा त्याचे रोग जाता कामा नयेत. नको असलेले मासे विक्रेत्यास परत द्यावेत.

जोडधंदा म्हणून

मुंबईच्या मरीन ड्राइव्हवर १९५१ मध्ये तारापोरवाला मत्स्यालय उघडले, तेव्हापासून शोभिवंत माशांची आवड राज्यात पसरत गेली. परंतु माशांचा मोठा पुरवठा आजवर चेन्नईजवळील कोळत्तूर आणि कोलकात्याच्या परिसरातून होत आला आहे. दूरच्या प्रवासात मासे थकतात व मरतात. जवळ वाढविलेला, स्थानिक पाण्याला सरावलेला मासा विक्रेत्यासही हवा असतो. २०२० मध्ये सुरू झालेल्या प्रधानमंत्री मत्स्यसंपदा योजनेत परसातील शोभिवंत मत्स्यपालन घटकासाठी ३ लाख रुपये खर्च गृहीत धरून सर्वसाधारण गटास ४० टक्के, तर महिला आणि अनुसूचित जाती-जमातींच्या लाभार्थींना ६० टक्के अर्थसाहाय्याची तरतूद करण्यात आली होती. चालू वर्षी कोणती योजना लागू आहे याची चौकशी जिल्ह्याच्या मत्स्यव्यवसाय कार्यालयात करावी. मात्र कर्ज-अनुदानाचा अर्ज करण्यापूर्वी एका पेटीत दोन हंगाम वीण घेऊन पाहावी, आणि मिरज, सांगली, कोल्हापूर येथील दुकानदार किती मासे, कोणत्या आकाराचे घेतील हे विचारून ठेवावे. बचत गटातील चार-पाच घरांनी मिळून पिंपे भरली व पिले वाटून वाढविली, तर एकाच घरावर रोजच्या पाणीबदलाचा भार पडत नाही.

साधारण तीन महिन्यांत पिले तीन सेंटिमीटरच्या घरात जातात आणि विक्रीयोग्य होतात. ती जाळीने पकडू नयेत. परांचे काटे जाळीत अडकतात आणि सोडविताना मासा जखमी होतो, पकडणाऱ्याच्या बोटालाही दंश होतो. असा काटा लागल्यास बोट सोसवेल इतक्या गरम पाण्यात बुडवून ठेवल्याने ठणका कमी होतो. प्लास्टिकच्या पेल्याने पाण्यासकट मासे उचलावेत, आदल्या दिवशी त्यांना खाद्य देऊ नये, आणि दुहेरी पिशवीत एक भाग पाणी व दोन भाग हवा ठेवून थोडेच मासे भरावेत. दाटीत घाबरलेली कोरी पिशवीतील पाणी स्वतःच्याच स्रावाने दूषित करते, म्हणून पकडल्यावर अर्धा तास बादलीत ठेवून ते पाणी टाकून द्यावे व ताज्या पाण्यात पिशव्या बांधाव्यात. उन्हाळ्यात हे काम पहाटे उरकून पहिल्या गाडीने माल मिरजेस पोहोचविणे सोयीचे.